पोटगीची थकबाकी

कर्जाचा हप्ता चुकला की बँकेत आधी पत्र जाते, मग जामीनदाराला बोलावणे, मग वसुली. माझी नोकरी यातच गेली. पोटगीचा हप्ता चुकला, तर मात्र हलावे लागते ते त्या बाईलाच. मुलांना शेजारी ठेवायचे आणि पुन्हा कोर्टाची पायरी चढायची.

कायदा सुधारला नाही असे नव्हे. फौजदारी संहितेतली दरमहा ५०० रुपयांची मर्यादा २००१ साली उठली. नागपूरच्या कौटुंबिक न्यायालयात सुरू झालेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितले, की पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी आणि दोघांनीही मालमत्ता व देणी प्रतिज्ञापत्रावर लिहावीत. हे फार बरे झाले. कर्ज मागताना उत्पन्न फुगवून सांगणारा गृहस्थ पोटगीच्या कोर्टात एकदम दरिद्री होतो!

जुलै २०२४ पासून हे कलम नव्या नागरिक सुरक्षा संहितेत १४४ क्रमांकाने आले. थकलेल्या महिन्यासाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते, आणि कैद भोगून देणे फिटत नाही. पण वसुलीचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत करायचा, तोही तिनेच.

पहिल्याच हुकुमात पगारातून परस्पर कपात लिहून टाकली तर? भविष्यनिर्वाह निधी कापताना कुणी नोकरदाराची मर्जी विचारत नाही. धंदा रोखीचा असेल, तर मात्र ही युक्तीही लंगडी पडते.