रोजचे दहा

"मामाजी, संपलं सारं!"

शुक्रवारी सकाळी साडेआठला भाच्याचा फोन. आवाज असा की मी हातातला चहा खाली ठेवला. इतक्या सकाळी आमच्याकडे फोन येतो तो एक तर सिलिंडरवाल्याचा, नाही तर कोणी तरी गेल्याचा.

"कोण गेलं रे?"

"लेब्रॉन. आठवरच राह्यला!"

"कुठले होते ते?" आतून हिनं विचारलं, आणि मी काही सांगायच्या आत कढईखालचा गॅस बंद केल्याचा आवाज आला. ही वाऱ्यावरची बातमी धरून थेट लुगड्याच्या कपाटापर्यंत पोचते, हे या सदराच्या वाचकांना नव्यानं सांगायला नको. भाचाही तुमच्या ओळखीचा. ज्याच्या होडीएवढ्या बुटांवर मी मागे लिहिलं होतं आणि ज्यानं त्यावरून बरेच दिवस अबोला धरला होता, तोच.

तर गेलेलं कोणी नव्हतं. ४ डिसेंबरच्या रात्री, म्हणजे आपल्याकडे ५ ची सकाळ, टोरांटोत लेकर्स आणि रॅप्टर्स यांचा बास्केटबॉलचा सामना झाला. त्यात लेकर्सच्या लेब्रॉन जेम्सनं आठ गुण केले. त्याआधी नियमित मोसमातल्या सलग १,२९७ सामन्यांत हा माणूस एकदाही दहाच्या खाली आला नव्हता. ही माळ ६ जानेवारी २००७ ला सुरू झाली होती. आदल्याच दिवशी मिलवॉकीत त्यानं आठ केले होते, त्यानंतर थेट आता पुन्हा आठ. त्याच्या आधीचा विक्रम मायकल जॉर्डनचा, ८६६ सामन्यांचा. परवा शेवटच्या काही सेकंदांत १२०-१२० अशी बरोबरी होती आणि चेंडू लेब्रॉनच्या हातात होता. एक बास्केट टाकला असता तर सामनाही जिंकला असता आणि दहाही झाले असते. त्यानं चेंडू कोपऱ्यात मोकळ्या उभ्या रुई हाचीमुराला दिला, हाचीमुरानं तीन गुणांचा बास्केट टाकला, लेकर्स जिंकले आणि माळ तुटली.

"दोन पाहिजे होते मामाजी, फक्त दोन! आन् हा पास देते!" भाच्याचा गळा दाटून आला होता.

मला त्या पासाचं काही वाटलं नाही. उलट आवडलाच. माझं डोकं फिरलं ते नंतर दिवसभर जे ऐकलं त्यानं. पंचवटी चौकातल्या टपरीवर ही गोष्ट मी मोठ्या हौसेनं सांगितली, तर पहिला प्रश्न आला, "आठच?" दुसरा त्याहून वरचढ. "रोज दहा? दहाच? मंग त्यात काय एवढं?" विचारणारे गृहस्थ निवृत्त लेखापाल. त्यांच्या हिशेबानं एका सामन्यात शंभर करणारा मोठा, आणि रोज दहा करणारा म्हणजे कारकून. शंभर करणारा झालेलाही आहे. विल्ट चेंबरलेननं २ मार्च १९६२ ला एकाच सामन्यात शंभर केले, त्याला साठ वर्षं उलटून गेली तरी लोक तोच आकडा सांगतात. पण लेब्रॉनची सामन्यामागची सरासरी सत्तावीसच्या घरात आहे हो! दहा हा त्याच्या वाईट दिवसाचा आकडा. ताप असेल, घोटा सुजला असेल, रात्र विमानात काढली असेल, समोर दोघं-दोघं अंगावर सोडले असतील, तरी दहा. तिकडचा मोसम ब्याऐंशी सामन्यांचा असतो. असे मोसमांमागून मोसम. वाईट दिवशी किती करतो यावरून माणूस ओळखावा, हे मी टपरीवर बोललो आणि टपरीवाल्यानं माझ्याकडे उधारीच्या वहीवर नजर टाकावी तसं पाहिलं.

रविवारी अकोल्याला व्याह्यांकडे बारशाला जायचं होतं. आता अमरावतीहून अकोल्याला जायचं म्हणजे बडनेरा सोडलं की त्या जगप्रसिद्ध रस्त्याचा विषय निघणारच. आमच्या गाडीचा ड्रायव्हर लोणी आलं की न चुकता सांगतो, "इथूनच झाला ना सायेब तो रेकॉर्ड." जून २०२२ मध्ये याच महामार्गावर लोणी ते माना या पट्ट्यात ७५ किलोमीटर डांबरीकरण १०५ तास ३३ मिनिटांत झालं आणि गिनेसच्या पुस्तकात गेलं. त्याआधीचा विक्रम कतारमधल्या दोह्याचा होता. तिथल्या पंचवीस किलोमीटरला दहा दिवस लागले होते. हे ७५ किलोमीटर एकपदरी धरून मोजलेले, दुपदरी धरले तर साडेसदतीस होतात, हा तपशील ड्रायव्हर सांगत नाही आणि मीही त्याचा विरस करत नाही. रात्रंदिवस राबलेल्या त्या शेकडो मजुरांचं कौतुक मलाही आहे. मला कुतूहल वेगळंच. हाच रस्ता त्याआधी कित्येक वर्षं रखडला होता. त्या वर्षांत कोणी घड्याळ लावून बसलं नव्हतं. रखडण्याची नोंद गिनेसवाले घेत असते तर वऱ्हाडात फ्रेमवाल्यांचा धंदा जोरात चालला असता. आणि एखादा रस्ता दहा पावसाळे जसाच्या तसा राहिला, तर त्याच्यासाठी फीत कापायला कोणता मंत्री येतो? कोणीच येत नाही. फीत पहिल्या दिवशीच कापलेली असते.

मूर्तिजापूरला गिला वडा खाल्ला. तो अमरावतीसारखा नव्हता. त्यावर गाडीत बोरगाव मंजूपर्यंत चर्चा झाली. ती इथं देत नाही.

व्याह्यांना मी लेब्रॉनचं सांगितलं. ते हातातली सुपारी कातरत राहिले.

"किती वय त्याचं?"

"या तीस तारखेला एक्केचाळीस होतील."

"पोरंबाळं?"

"थोरला मुलगा त्याच्याच संघात खेळतो."

सुपारी थांबली. "म्हंजे बाप-लेक एकाच टीममंदी? मंग इवाई, त्या पोराले खेळू द्या ना! हा काऊन सोडून नाही राह्यला?"

इथं माझी नस दुखावली. आपल्याकडे माणूस पंचावन्नचा झाला रे झाला की लोक त्याच्याकडे स्टेशनवर उभ्या गाडीसारखे बघू लागतात. कधी सुटणार? दुकानात बसलेल्या म्हाताऱ्याला विचारतात, "पोरगा नाही का बसत?" शिकवणी घेणाऱ्या बाईंना विचारतात, "थकत नाही का तुम्ही?" मला तर लग्नाच्या पंगतीत, वाढपी भाजी वाढत असताना, एका सद्गृहस्थानं विचारलं होतं, "ते तुमचं सदर चालू आहे का हो? आमच्याकडे तो पेपर बंद केला." एखाद्याचं काम अजून चोख चालू असेल तर त्यात कोणाचं काय बिघडतं? बरं, रिटायर होऊन लोक करतात काय? सकाळी छत्री तलावावर फिरायला जातात आणि दुसऱ्यांना रिटायर व्हायला सांगतात.

हे सगळं व्याह्यांना बोलता येत नाही. मुलीचं सासर आहे. मी फक्त एवढंच म्हणालो, "वसीम जाफर आठवतो का?"

आता जाफरसाठी अमेरिकेत जायला नको. लेब्रॉनच्या दहांची माळ सुरू झाली त्याच आठवड्यात जाफरनं केपटाऊनच्या कसोटीत ११६ केले होते. पुढच्या वर्षी, एप्रिल २००८ मध्ये, त्याची शेवटची कसोटी झाली. तिथं दुसरा कोणी असता तर समालोचनाच्या खोलीत जाऊन बसला असता. हा रणजी खेळत राहिला. रिकामी मैदानं, सकाळचं दव, प्रेक्षकांत दोन म्हातारे आणि एक झोपलेला कुत्रा. २०१५ मध्ये मुंबई सोडून विदर्भाकडे आला तेव्हा सदतीस वर्षांचा होता, आणि आपल्याकडच्या जाणकारांनी तेव्हाही हेच म्हटलं होतं, की हा पेन्शन घ्यायला आला. दुखापतीनं एक मोसम बुडाला. पुढच्या मोसमात तो कराराचा एक पैसा न घेता खेळला. त्याच मोसमात, १ जानेवारी २०१८ ला, इंदूरला दिल्लीला हरवून विदर्भ पहिल्यांदा रणजी जिंकला. १९५७ पासून आपण ही स्पर्धा खेळत होतो! दोन-अडीच महिन्यांनी इराणी करंडकात शेष भारताविरुद्ध जाफर २८६. वय चाळीस. पुढच्या मोसमात १,०३७ धावा आणि पुन्हा रणजी. मार्च २०२० मध्ये थांबला तेव्हा रणजीतल्या त्याच्या धावा १२,०३८ झाल्या होत्या. त्याचं पहिलं त्रिशतक १९९६ चं. इतक्या वर्षांत बॅटला आवाज तोच, आणि चेहऱ्यावर भाव तोच, म्हणजे कोणताच नाही.

व्याह्यांनी हे सगळं शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "त्या फायनलले आमचा अकोल्याचा आदित्य ठाकरे होता ना! पहिलीच मॅच त्याची."

होता. खरं आहे. मीही मग जितेश शर्मा काढला, कारण अमरावतीची बाजू पडून चालत नाही. मे २०२५ मध्ये लखनौविरुद्ध ३३ चेंडूंत नाबाद ८५. त्या रात्री आमच्या गल्लीत पोट्ट्यांनी फटाके लावले आणि हिच्या वाळत घातलेल्या कुरड्यांवर राख पडली. तो पोरगा त्याआधी दहाएक वर्षं विदर्भाकडून खेळत होता. त्या दहा वर्षांत गल्लीत एक टिकलीसुद्धा वाजली नाही. दोघंही व्याही मग आपापल्या गावावर खूश होऊन जेवायला बसलो.

परतताना भाचा गाडीत होता. तो मूर्तिजापूरपर्यंत तोंड फुगवून होता. त्याचा राग लेब्रॉनवर नव्हता, हे मला तेव्हा कळलं. हा पोरगा जिल्ह्याच्या, विद्यापीठाच्या स्पर्धांत टेबलावर बसून स्कोअरशीट लिहितो. ते काम मी एकदा शेजारी बसून पाहिलं आहे. एक मोठा कागद, त्यावर आकड्यांच्या उभ्या रांगा. बास्केट पडला की आकड्यावर तिरकी रेघ, शेजारी खेळाडूचा नंबर. फ्री थ्रो असेल तर रेघेऐवजी भरीव ठिपका. तीनचा बास्केट असेल तर नंबराभोवती गोल. मैदानावर दहा जण धावत असतात, शिट्टी वाजते, प्रशिक्षक ओरडतात आणि हा मान वर-खाली करत रेघा मारतो. डोळ्याचं पातं लवलं की एक गुण कोणाच्या तरी नावावरून गेला. सामना संपला की पंचांच्या सह्या होतात आणि तो कागद एकदम पवित्र होतो. तासाभरानं त्याचं काय होतं, ते विचारू नका.

"मामाजी, त्यायच्याकडे २००७ चा एक-एक पॉइंट लिहून हाये," भाचा म्हणाला. "म्हनून त्यायले १,२९७ समजते. आपल्याकडे मागच्या वर्षीचा कागद नाही."

मी त्याला विचारलं, वऱ्हाडात आजवर सगळ्यात जास्त गुण कोणी केले? तो खिडकीबाहेर बघू लागला. मग मी माझ्या वयाच्या चार-पाच जणांना फोन केले. सगळ्यांना एक डावखुरा आठवतो. बोर्डाला टेकवून बास्केट टाकायचा, पुढे नोकरीत लागला, पोट सुटलं तरी पन्नाशीपर्यंत संध्याकाळी कोर्टवर यायचा. "लय टाकायचा!" एवढंच सगळे सांगतात. लय म्हणजे किती? लय. करीम अब्दुल-जब्बार वीस मोसम खेळला, त्याचे ३८,३८७ गुण मोजलेले आहेत आणि त्यात तीनचा बास्केट आयुष्यात एकदाच पडला, हेसुद्धा जगाला ठाऊक आहे. आमच्या डावखुऱ्याचे निदान शेकड्या-हजारांच्या हिशेबात तरी सांगा म्हटलं, तर एक जण म्हणाला, "अरे, माणूस चांगला होता."

जाफरचे १२,०३८ मी इथं छातीठोकपणे लिहू शकलो, कारण क्रिकेटवाल्यांनी रिकाम्या मैदानावरची धावसुद्धा वहीत धरली. बास्केटबॉल, व्हॉलीबॉल, कबड्डी, खो-खो यांचं तसं झालं नाही. आणि हे अशा गावात, जिथं १९१४ पासून हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ उभं आहे, जिथलं पथक १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी जाऊन कबड्डी दाखवून आलं. खेळायला आम्ही कधीच कमी नव्हतो. लिहायला कमी पडलो. ज्याचा एखादा दिवस गाजला त्याचा फोटो पेपरात आला, त्याचं नाव राहिलं. रोज दहा करणाऱ्याचा फोटो कोण छापणार?

म्हणून एक विनंती आहे. अमरावती, अकोला, परतवाडा, अकोट, मूर्तिजापूर, दर्यापूर, कुठंही तुमच्या माळ्यावर, ट्रंकेत, दिवंगत वडिलांच्या फायलीत जुन्या स्पर्धांच्या स्कोअरशीट, संघाच्या याद्या, निकालाची कात्रणं असतील, तर दिवाळीच्या सफाईची वाट न बघता आत्ताच बाहेर काढा. भाचा बेरजा मारायला तयार आहे. त्याला सध्या कशात तरी मन गुंतवायचंच आहे. कार्यालयाचा पत्ता शेवटच्या पानावर असतो. मूळ कागद मात्र पाठवू नका, झेरॉक्स पाठवा. मूळ आमच्या कार्यालयातही हरवतील.