पगारी माणसाची निष्ठा

मराठी माणूस परप्रांती जाऊन काही करू लागला, की त्याच्याविषयी स्वकीयांचे दोन अभिप्राय ठरलेले असतात. तो अपयशी झाला, तर घर सोडल्याचे फळ मिळाले म्हणावयाचे. यशस्वी झाला, तर 'शेवटी रक्त आपलेच' असे म्हणून त्याच्या यशाची सनद आपल्या नावे लिहून घ्यावयाची. श्री. चंद्रकांत पंडित यांच्या वाट्याला तिसराही अभिप्राय आला. जून २०२२ मध्ये बंगळूरच्या चिन्नास्वामी मैदानावर त्यांच्या शिकवणीखालील मध्यप्रदेशाच्या संघाने रणजी करंडकाच्या अंतिम सामन्यात मुंबईला सहा गडी राखून हरविले, आणि आमच्या येथील मराठी बैठकींतून 'घरभेदी' हा शब्द ऐकू येऊ लागला. आजही पंडितांचे नाव निघाले की कोणीतरी तो उच्चारतोच. थट्टेचा म्हणून तो सोडून देता आला असता; परंतु ज्या समजुतीतून ही थट्टा निघते ती आम्हां बदलीच्या नोकरीवरील माणसांच्या अंगी इतकी मुरलेली आहे, की तिचा समाचार घेणे आम्हांस अगत्याचे वाटते.

प्रथम त्या गृहस्थाची कारकीर्द पाहू. पंडित हे मुंबईचे, रमाकांत आचरेकरांच्या तालमीतले यष्टिरक्षक आणि फलंदाज. भारताकडून ते ५ कसोटी आणि ३६ एकदिवसीय सामने खेळले. १९८७ च्या विश्वचषकातील उपान्त्य सामन्यातही ते संघात होते. पुढे ते मध्यप्रदेशाकडून खेळू लागले व त्या संघाचे कर्णधारही झाले. १९९९ मध्ये याच चिन्नास्वामी मैदानावर अंतिम सामन्यात कर्नाटकाविरुद्ध पहिल्या डावात आघाडी मिळवूनही त्यांचा संघ शेवटच्या दिवशी कोसळला आणि करंडक हातचा गेला. खेळाडू म्हणून एवढेच पदरी पडले असते, तर त्यांचे नाव आज फारसे कोणाच्या तोंडी नसते.

त्यांचे खरे कर्तृत्व पुढेच दिसले. प्रशिक्षक या नात्याने त्यांनी २००२-०३, २००३-०४ आणि २०१५-१६ या हंगामांत मुंबईला रणजी करंडक मिळवून दिला. २०१७ मध्ये, संघ अंतिम सामन्यात गुजरातकडून हरल्यानंतर, मुंबईने प्रशिक्षक बदलला. पंडित नागपुरास गेले. ज्या विदर्भाने तोवर करंडकाला हातही लावला नव्हता, त्याने २०१७-१८ आणि २०१८-१९ असा लागोपाठ दोनदा तो जिंकला. नंतर मध्यप्रदेशाने त्यांना बोलाविले, आणि ज्या मैदानावर तेवीस वर्षांपूर्वी त्यांचे पारडे फिरले होते त्याच मैदानावर त्यांनी त्या प्रांताचे देणे फेडले.

आता 'घरभेदी' म्हणणाऱ्यांना आमचा सरळ प्रश्न आहे. पंडितांनी काय करावयास हवे होते? मध्यप्रदेशाचा पगार घ्यावा, मध्यप्रदेशाची मुले शिकवावीत, आणि समोर मुंबई आली की मात्र हात थोडा आखडता घ्यावा? त्या दिवशी समोरच्या तंबूत मुंबईचे प्रशिक्षक म्हणून अमोल मुजुमदार बसले होते. तेही आचरेकरांचेच शिष्य. एकाच गुरूचे दोन शिष्य दोन प्रांतांच्या चाकरीत समोरासमोर उभे ठाकले आणि दोघांनीही आपापले काम चोख केले. यात विद्येचा द्रोह कोठे झाला? जी विद्या शिवाजी पार्कच्या मैदानाबाहेर पडली की बाटते, तिला विद्या म्हणावयाचे की वतन?

'पण तो माणूस पगारी!' असा पुढचा आक्षेप येतो. आज विदर्भ, उद्या मध्यप्रदेश, परवा लाखो रुपयांच्या आयपीएलमधील कोलकाता. जेथे पैसा तेथे निष्ठा, असे म्हणावयाचे असते. आम्ही विचारतो, हा आक्षेप घेणारे आपण कोण? रेल्वेत, बँकेत, आयकर खात्यात, पोलादाच्या कारखान्यात आणि सचिवालयात बसणारे आपण सारे पगारीच आहोत. आज रायपूर, उद्या भोपाळ, परवा गुवाहाटी, हाच आपला जन्मक्रम. पगारी असणे हा दोष नाही. पगार येथला घेऊन मन दुसरीकडे ठेवणे हा दोष आहे, आणि त्या दोषापासून पंडित जितके मुक्त आहेत तितके आपण आहोत काय?

वस्तुतः मराठी माणसाचा या भूमीशी पहिला संबंध याच दोषाने डागळला आहे. १७४१ मध्ये भास्करपंतांची फौज रतनपुरावर आली. बिंबाजी भोसल्यांनी त्यानंतर येथे राहून कारभार केला. पण त्यांच्या पश्चात जे सुभे आले त्यांची नजर वसुलीवर आणि मन नागपुरावर होते. त्यांची आठवण येथे कोणी प्रेमाने काढीत नाही. उलट माधवराव सप्रे पाहा. घरची भाषा मराठी. परंतु पेंड्राच्या राजकुमारांना शिकविण्याचे काम करीत असता १९०० मध्ये त्यांनी 'छत्तीसगढ़ मित्र' हे हिंदी मासिक काढले, आणि टिळकांचे 'गीतारहस्य' हिंदीत नेले. सप्र्यांनाही त्या काळी कोणी घरभेदी म्हटले असेल. आज रायपुरात त्यांच्या नावाची शाळा आहे. त्या सुभेदारांच्या नावाची एकही नाही. येथले अन्न खाऊन येथल्यांच्या कामी पडलेला माणूस कोण आणि केवळ मुदत भरून गेलेला कोण, हे ही भूमी बरोबर ओळखते.

दुसरा अभिप्राय, 'शेवटी जिंकला तो मराठीच' हा, दिसावयास गोड आणि म्हणून अधिक घातक. त्या अंतिम सामन्यात मध्यप्रदेशाच्या पहिल्या डावात यश दुबे, शुभम शर्मा आणि रजत पाटीदार यांनी शतके ठोकली. दुसऱ्या डावात कुमार कार्तिकेयने मुंबईचे चार गडी टिपले. या मुलांचे श्रम एका आडनावाच्या खाती जमा करणे हा त्यांच्यावर अन्याय आहे, आणि पंडितांवर त्याहून मोठा. शिक्षकाचे यश शिष्याच्या नावाने ओळखले जावे, हीच त्याची प्रतिष्ठा. आचरेकर स्वतः प्रथम श्रेणीचा एकच सामना खेळले. तो आज कोणाच्या स्मरणात आहे? स्मरणात आहेत ते त्यांचे शिष्य.

कोणी म्हणेल, पंडितांची शिस्त अतिकडक असे; आयपीएलमधील काही परदेशी खेळाडूंना ती रुचली नाही. असेल. ती सर्वांस मानवावी असा आमचा आग्रह नाही. २०२४ मध्ये कोलकात्याने आयपीएल जिंकली तेव्हा मुख्य प्रशिक्षक पंडितच होते, पण जयजयकार बहुतेक मार्गदर्शक गौतम गंभीर यांचा झाला. पगारी माणसाच्या नशिबी हेही असते. फायलीवरची टिप्पणी आपली आणि स्वाक्षरी वरिष्ठांची, हा अनुभव आमच्या वाचकांस नवा नाही.

प्रशिक्षकाची खरी परीक्षा तो निघून गेल्यावर होते. विदर्भाने २०२४-२५ मध्ये तिसऱ्यांदा करंडक जिंकला तेव्हा पंडित तेथे नव्हते. प्रशिक्षक होते विदर्भाचेच उस्मान घनी. विजयाची सवय लागली होती, आणि आता ती स्थानिक माणसाच्या हाती होती. पंडितांच्या कारकिर्दीतला सर्वांत मोठा विजय आम्ही हाच समजतो, जरी तो त्यांच्या नावावर लिहिला जाणार नाही.

आता आपल्या रायपूरकडे वळू. २०१६-१७ च्या हंगामात छत्तीसगडचा संघ रणजी स्पर्धेत प्रथमच उतरला आणि पहिल्याच सामन्यात त्याने त्रिपुराला नऊ गडी राखून हरविले. त्या संघाचे प्रशिक्षक होते मुंबईचे सुलक्षण कुलकर्णी, ज्यांच्या हाताखाली मुंबईने २०१२-१३ चा करंडक जिंकला होता. मुंबईत विजयाची परंपरा आयती होती. येथे पाया खणण्यापासून सुरुवात होती. करंडक येथे आला नाही, पण पाया घातला गेला. आमच्या किती मराठी घरांत याची वार्ता होती? फेब्रुवारी २०२४ मध्ये नवा रायपुरातील शहीद वीर नारायण सिंह मैदानावर मुंबई आणि छत्तीसगड समोरासमोर आले. पृथ्वी शॉने १५९ धावा केल्या आणि इकडून अमनदीप खरेने १४३ धावांनी उत्तर दिले. शॉच्या खेळीचे कौतुक आमच्या घरांतून भरपूर झाले. खरेचे नाव किती जणांनी घेतले? ज्या वीर नारायण सिंहांच्या नावाचे ते मैदान, त्यांनी दुष्काळात रयतेसाठी धान्याचे कोठार उघडले आणि १८५७ मध्ये याच शहरात ते फाशी गेले, हे तरी आपण आपल्या मुलांना सांगितले आहे काय?

मुंबईवर प्रेम करू नका असे आम्ही म्हणत नाही. माहेर विसरणारी लेक कोणास आवडते? पण सासरी वीस वर्षे नांदून जी रोज माहेरच्याच चुलीचे गुण गाते, तिच्या हातचे अन्न कोणाच्या अंगी लागत नाही. आपल्या गणेशोत्सवाची, कोजागिरीची, नाट्यप्रयोगांची कार्यक्रमपत्रिका काढून पाहावी. सारे आपले, आपल्यांसाठी, आपल्यांतच. शेजारच्या छत्तीसगढ़ी मुलासाठी त्यात एक ओळ तरी आहे काय? आपल्यांत गणिताचे जाणकार आहेत, निवृत्त अभियंते आहेत, जुने खेळाडू आहेत. आठवड्याचे दोन तास या मुलांना द्यावेत, त्यांची बोली कानावर पडू द्यावी, आणि आपण निघून गेल्यावर ते काम चालविणारा माणूस त्यांच्यातूनच तयार करावा. यास अनुदान लागत नाही, ठराव लागत नाही. केवळ येथे असताना येथेच असावे लागते.

बदलीचा हुकूम आपल्या हाती नसतो. मधल्या काळात आपण सुभेदार होऊन राहावयाचे की सप्रे होऊन, एवढे मात्र सर्वस्वी आपल्या हाती असते. पंडितांनी आपला निर्णय मैदानावर सर्वांसमक्ष दिला. त्यांना घरभेदी म्हणणाऱ्यांनी आपली सेवापुस्तिका उघडावी, परप्रांतात काढलेली वर्षे मोजावीत, आणि त्या वर्षांच्या समोर त्या त्या गावाने आपल्याविषयी काय लिहिले असते, याचा एकदा शांतपणे विचार करावा.