शिवेबाहेरचा चार्वाक



मागच्या पंधरवड्यात शीवच्या एका वस्तीत आम्ही जलदान विधीला गेलो होतो. वंदना झाली, दोन शब्द बोलून झाले, चहा फिरू लागला. तेवढ्यात घरातल्या सातवीतल्या मुलाने विचारले, "काका, आजी आता कुठे असेल?" कुणी म्हणाले, वर आहे. त्याचा मोठा भाऊ रात्रपाळी करून कॉलेज करतो. तो म्हणाला, "कुठेच नाही. चार्वाक वाच." त्यावर एक वडीलधारे बोलले, "चार्वाक म्हणजे तोच ना, कर्ज काढून तूप खा म्हणणारा?" सगळे हसले आणि पोराचा प्रश्न तसाच राहिला.

ते हसणे मात्र आमच्या मनातून जाईना. चार्वाकाविषयी एवढे एकच आपल्याला ठाऊक असते, आणि तेही त्याच्या विरोधकाने सांगितलेले!

चार्वाक किंवा लोकायत मताची माणसे या देशात फार जुनी. खरे काय, तर जे इंद्रियांना कळते ते. पृथ्वी, पाणी, तेज आणि वारा ही चार भूते खरी, असे ती म्हणत. मग जाणीव कुठून आली? धान्यात नशा नसते. ते आंबवले की नशा उपजते. तशीच या चार भूतांच्या मेळातून जाणीव उपजते आणि शरीराबरोबर संपते. वेगळा आत्मा नाही, स्वर्ग नाही, वर्णाश्रमाच्या कर्मांना फळही नाही. श्राद्धावर तर त्यांचा बिनतोड सवाल होता. इथे वाढलेले मेलेल्याला पोचत असेल, तर प्रवासाला निघालेल्याला शिदोरी कशाला? आमच्या भाषेत सांगायचे तर, कोकणच्या गाडीत बसलेल्याच्या नावाने घरी पान वाढावे आणि पनवेलला त्याचे पोट भरावे!

अशी माणसे कुणाला परवडणार? त्यांचे मूळ ग्रंथ उरले नाहीत. चौदाव्या शतकातील माधवाचार्यांच्या 'सर्वदर्शनसंग्रह' या ग्रंथात पहिलेच प्रकरण चार्वाकावर आहे, पण ते वेदान्त्याने खोडून काढण्यासाठी मांडलेले. गंमत अशी की, सुखाने जगा हे वचन त्या एकाच प्रकरणात दोन ठिकाणी दोन तऱ्हांनी येते. सुरुवातीला त्याचा पुढचा भाग असा, की मरण कुणाला चुकत नाही. शेवटाकडे मात्र तिथे कर्ज आणि तूप येते. लोकांच्या तोंडी कोणते राहिले, ते त्या दिवशी आम्ही ऐकलेच.

महाभारताच्या शांतिपर्वात चार्वाक नावाचा एक राक्षस आहे, दुर्योधनाचा मित्र. भाऊबंदांना मारून राज्य मिळवल्याबद्दल तो युधिष्ठिराला भर सभेत दोष देतो, आणि ब्राह्मण त्याला हुंकाराने जाळतात. हा आणि तत्त्वज्ञ चार्वाक एकच का, यावर वाद आहे. पण नाव राक्षसाला दिले गेले खरे.

या परंपरेच्या जवळचा एक ग्रंथ वाचला. जयराशी भट्टांच्या 'तत्त्वोपप्लवसिंह' या ग्रंथाचे हस्तलिखित 1926 साली गुजरातेत पाटणला सापडले आणि 1940 साली बडोद्याहून तो छापला गेला. हे जयराशी तर आणखी पुढचे: डोळ्यांना दिसते तेही खरे कशावरून, असे विचारणारे.

शीव म्हणजे हद्द. मुंबई बेट इथे संपायचे, पलीकडे साष्टी. हद्द राखायलाच इंग्रजांनी टेकडीवर किल्ला बांधला. विचारांच्या गावालाही अशी शीव असते. शिवेबाहेर ठेवलेल्यांची हकीकत गावातल्यांनी लिहायची, हे आपल्या वाडवडिलांच्या वाट्याला आले होते. म्हणून चार्वाकावर हसताना आम्हाला जपून हसावेसे वाटते.

पण म्हणून चार्वाक तो आपलाच, असे म्हणणाऱ्या तरुणांशीही आमचे जमत नाही. बुद्धाच्या काळी अजित केसकंबल नावाचे आचार्य होते. दीघ निकायातील सामञ्ञफल सुत्तात त्यांचे मत आले आहे: माणूस चार भूतांचा, मेल्यावर माती मातीत जाते, शहाणा आणि मूर्ख सारखेच संपतात. इथवर ऐकायला बरे वाटते. पुढे ते म्हणतात, दानाला फळ नाही, बऱ्यावाईट कर्मालाही नाही. म्हणजे गांजणारा आणि गांजलेला यांचा हिशेब सारखाच! तथागतांनी हे मानले नाही. आत्मा अमर म्हणणारे एका टोकाला, सारे संपले म्हणणारे दुसऱ्या टोकाला. ते मधून गेले. 1957 साली प्रसिद्ध झालेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी याचा उलगडा केला आहे. आत्म्यापुरते बुद्ध उच्छेदवादी, पण भौतिक द्रव्यापुरते नाहीत. शरीरातील भूते बाहेरच्या भूतांत मिसळतात, नष्ट होत नाहीत. आणि केलेल्या कर्माचा परिणाम जगाच्या नैतिक व्यवस्थेत राहतो.

गेल्या रविवारी आम्ही मुद्दाम त्या घरी गेलो आणि पोराला हे जमेल तसे सांगितले. आजी ज्या चार भूतांची होती ती इथेच आहेत, आणि शेजारच्या मुलीच्या फीसाठी तिने पाटल्या मोडल्या होत्या, तेही इथेच आहे. ती मुलगी आता नर्स आहे.

पोर जरा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "म्हणजे दादा अर्धाच बरोबर."

दादा घरात नव्हता. रात्रपाळीला गेला होता.