खिडकीखालची बासरी

सत्यजित राय यांनी १९६४ साली एक इवलासा सिनेमा केला. नाव 'टू'. काळापांढरा, पंधराएक मिनिटांचा, आणि त्यात एकही शब्द नाही. पैसा एस्सो या अमेरिकन तेलकंपनीचा, बघणार अमेरिकेतले टेलिव्हिजनवाले. राय यांनी भाषाच काढून टाकली. इंग्रजी नको नि बंगालीही नको.

बंगल्यात पोरगा एकटा. हातात कोकाकोलाची बाटली, डोक्यावर मिकीमाऊसचे कान, खोलीभर खेळणी. खेळायला कुणी नाही. काडी पेटवून फुगे फोडत बसतो. तेवढ्यात खालून बासरी. खिडकीतून बघतो तर मोकळ्या जागेत एक झोपडं, आणि झोपडीतलं पोर वाजवतंय. झालं! हा पिपाणी फुंकतो. तो ढोलकं आणतो, हा ढोल बडवणारं माकड दाखवतो. तो मुखवटा घालून नाचतो, हा मुखवटे, तलवार, बंदूक, सगळं कपाट काढतो. मग तो पतंग उडवतो. पतंगाला उत्तर कपाटात सापडत नाही. म्हणून आधी गलोल, नंतर छऱ्याची बंदूक. पतंग फाटून खाली.

समीक्षकांना यात व्हिएतनाम दिसतो. दिसो बापडा. मला दिसतो तो जिना, जो बंगल्यातलं पोरगं कधी उतरत नाही. सोबत त्याला हवीय, अगदी जीव तुटेस्तोवर हवीय, पण वरूनच हवीय. असल्या एकटेपणाची कीव किती करायची?

तक्रार माझी राय यांच्याशीही आहे. कॅमेरा बराच वेळ वरच्या खोलीत. बासरीवाल्याची आई कुठं कामाला गेली, तो पण दिवसभर एकटाच का, याचा पत्ता नाही. त्याला ओढ कशाची? बासरी वाजवतो म्हणजे सुखात असेल! गोदीत गोणी उचलताना आम्हीपण गातो. ते सुखानं गातोय असं केबिनमधल्या साहेबालाच वाटतं.

शेवट मात्र इमानदार. सगळी खेळणी एकदम खडखडत असतात, त्यातूनही बासरी पुन्हा ऐकू येते, आणि चालता चालता खेळण्यातला रोबो ठोकळ्यांचा मनोरा पाडतो. पोरगा नुसता बसून.

राय यांनी शब्द मुद्दाम टाकले. आपल्या आज्यांना ते मिळालेच नव्हते. बाबासाहेबांनी १९२० साली पत्र काढलं त्याचं नाव 'मूकनायक' उगाच नव्हतं. सिनेमा इंटरनेटवर सापडतो, बघा. पण पुढच्या अंकाला त्याचं परीक्षण पाठवू नका. झोपडीच्या आतलं लिहून पाठवा. पतंग फाटला त्या रात्री आई घरी आल्यावर ते पोर तिला काय बोललं, ते.