म्हातारपण थोपविणारीं घरें

घर बांधून घेणारा गृहस्थ काय मागतो? उजेड, वारा, पाण्याची सोय, बेताच्या पायऱ्या, सपाट फरशी. आणि घरांत वडील मंडळी असतील तर उंबरठे शक्य तितके कमी. शुसाकु आराकावा व मॅडलिन गिन्स हें जोडपें नेमकें याच्या उलट मागणें घेऊन गृहरचनेच्या धंद्यांत शिरलें. आराकावा हे जपानांतील नागोया शहरचे, जन्म १९३६. १९६१ सालीं ते न्यूयॉर्कला गेले. मॅडलिनबाई अमेरिकन कवयित्री. घराची योजना नीट केली तर काळाची गति उलटवितां येते, म्हातारपण थोपवितां येतें, फार काय मरणहि टाळतां येतें, असा या दोघांचा दावा होता!

त्यांचें म्हणणें थोडक्यांत असें. सपाट जमिनीवर पाय आपोआप पडतो, दिव्याचें बटण न पाहतां हातीं लागतें. मग शरीरास काम उरत नाहीं, लक्ष झोपीं जातें, आणि त्या झोपेंतच वार्धक्य चोरपावलांनीं घरांत येतें. तेव्हां घरानेंच माणसाला झोपूं देऊं नये.

टोकियोजवळील मिताका येथें २००५ सालीं त्यांनीं नऊ बिऱ्हाडांची एक इमारत पुरी केली. आंतबाहेर चौदा रंग. जमीन टेंगळांची व चढउताराची. मधोमध स्वयंपाकाची जागा आणि भोंवतीं खोल्या, त्यांतील एक चेंडूसारखी गोल. कपाट नाहीं. सामान छताच्या कड्यांना टांगावयाचें! आमच्या गृहिणी काय म्हणतील तें न लिहिलेलेंच बरें. ही इमारत हेलन केलर यांच्या स्मृतीस अर्पण केलेली आहे, आणि हें मात्र आम्हांस मनापासून पटलें. एकोणीस महिन्यांच्या वयांत दृष्टि व श्रवण दोन्ही गमावून ज्या बाईनें स्पर्शाच्या बळावर जग पुन्हां मिळविलें, तिच्याइतकें उलटविलेलें प्राक्तन दुसऱ्या कोणाचें दाखवावें?

याच्या आधीं, १९९५ सालीं, गिफू प्रांतांतील योरो येथें त्यांचें उद्यान खुलें झालें होतें. तेथें खोलगट मैदान, तिरके रस्ते, तोल जाईल अशा वाटा. येणाऱ्यांस बूट व शिरस्त्राण देण्याची सोय आहे, यावरून काय तें समजावें. पण जागा अचूक निवडलेली. योरो या नांवाचा अर्थच वृद्धांचें पोषण. सम्राज्ञी गेन्शो ७१७ सालीं येथील झऱ्यावर आली, त्या पाण्यानें अंग तजेलदार होतें व दुखणीं बरीं होतात असें मानून तिनें नव्या कालगणनेसच योरो हें नांव दिलें. लोककथा याहून गोड आहे. एक गरीब लांकूडतोड्या म्हाताऱ्या बापाची सेवा करी. त्या पितृभक्तीनें तेथील धबधब्याच्या पाण्याचें मद्य झालें. (मद्याविषयीं वाचकांनीं क्षमा करावी, बापाची आवडच तशी होती.) त्या कथेंत म्हाताऱ्याला तारुण्य देणारा मुलगा आहे, घर नाहीं, हें आम्हांला विसरवत नाहीं.

आराकावा २०१० सालीं ७३ व्या वर्षीं वारले, मॅडलिनबाई २०१४ सालीं ७२ व्या वर्षीं. दाव्याचा निकाल लागला म्हणून हंसणें सोपें आहे. परंतु त्यांची तक्रार सर्वस्वी पोकळ नव्हती. तोल सांभाळण्याचा सराव ठेवला तर वृद्धांचें पडणें कमी होतें, हें वैद्यकासहि मान्य आहे. पाटावर बसून जेवणारी आणि हात न टेकतां उठणारी आजी ज्यांनीं पाहिली आहे, त्यांस हें निराळें सांगावयास नको. तिला प्रेमानें खुर्ची देणाऱ्या सुनेनें घटकाभर विचार करावा.

आमचा अडसर दुसरा आहे. लॉंग आयलंडवर या जोडप्यानें २००८ सालीं आयुष्य वाढविणारें म्हणून एक घर पुरें केलें. त्याचीहि जमीन उंचसखल, आणि धरावयास ठिकठिकाणीं खांब. खुब्याचें हाड मोडून अंथरुण धरलेलीं माणसें कित्येक कुटुंबांनीं पाहिलीं आहेत. अशा वयांत रात्रीं दिवा न लावतां न्हाणीघराकडे जातांना एका खांबावरून दुसऱ्या खांबापर्यंत हात कसा पोहोंचावा?