पांढरं जहाज आणि कुलूपबंद व्हीलचेअर



महिन्यापूर्वी एका रविवारी मिस्सा चालू असताना आमच्या चर्चमध्ये मागच्या बाकावरचे एक आजोबा अचानक कोसळले. फादर वेदीवरच थांबले. आम्ही बहुतेकांनी गुडघे टेकून प्रार्थना सुरू केली. कोणीतरी ओरडलं, "अरे, व्हीलचेअर आणा!" व्हीलचेअर होती. एका कुटुंबाने वडिलांच्या स्मरणार्थ दिलेली, पाठीवर त्यांचं नाव रंगवलेली. पण ती स्टोअररूममध्ये होती, स्टोअररूमला कुलूप होतं आणि किल्ली माझ्या घरी खुंटीवर लटकत होती. शेवटी चार पोरांनी आजोबांना प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून रिक्षापर्यंत उचलून नेलं. देवाची कृपा, ते आता बरे आहेत. मला मात्र ती किल्ली अजून टोचते आहे.

त्याच दिवसांत मी युद्धकाळातल्या रुग्णालय-जहाजांविषयी वाचत होतो. वाचायला घेतलं ते कुतूहलापोटी, आणि शेवटी पुन्हा त्या किल्लीपाशीच आलो. म्हणून आज हे लिहितो आहे.

आधी ही जहाजं काय असतात ते सांगतो. १८६४च्या जिनिव्हा कराराने जमिनीवरच्या लढाईतल्या जखमींना संरक्षण दिलं. समुद्रासाठी तसे नियम १८९९ आणि १९०७ साली हेग इथे ठरले. सरकारी रुग्णालय-जहाज पूर्ण पांढरं रंगवायचं आणि त्याच्या भोवती सुमारे दीड मीटर रुंदीचा हिरवा पट्टा ओढायचा. मदतसंस्थेचं जहाज असेल तर पट्टा लाल. देशाच्या झेंड्याबरोबर रेड क्रॉसचा झेंडा. जहाजाचं नाव शत्रूला आधी कळवायचं. शत्रूने त्यावर हल्ला करायचा नाही, ते पकडायचंही नाही. मात्र वर चढून झडती घेण्याचा त्याला हक्क. आणि सर्वांत मोठी अट म्हणजे जखमी कोणत्या देशाचा हे न पाहता उपचार करायचे. रात्री समुद्रावर बाकी सगळी जहाजं दिवे मालवून लपतछपत जात, तेव्हा हे एक जहाज सगळे दिवे लावून चालायचं. लपणं हे त्याचं संरक्षण नव्हतं. दिसणं हेच त्याचं संरक्षण होतं.

त्या पांढऱ्या अंगावरचा लाल क्रूस ख्रिस्ती धर्माचा म्हणून रंगवलेला नसतो, हेही प्रामाणिकपणे सांगायला हवं. ती स्वित्झर्लंडच्या झेंड्याची रंग उलटवलेली खूण आहे. तुर्कांनी तिच्या जागी लाल चंद्रकोर घेतली. तरीही गळ्यात क्रूस घालणाऱ्या माणसाला हे नियम वाचताना लूकच्या शुभवर्तमानातला दहावा अध्याय आठवल्याशिवाय राहत नाही. माझा शेजारी कोण, या प्रश्नाला प्रभू येशूने जे उत्तर दिलं, तेच पुढे राष्ट्रांनी करारात लिहून त्यावर सह्या केल्या.

आता आपल्या लोकांची गोष्ट.

१९१४ साली पहिलं महायुद्ध सुरू झालं, तेव्हा ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे यांनी इतर संस्थानिकांसह 'एम्प्रेस ऑफ इंडिया' नावाचं जुनं प्रवासी जहाज विकत घेतलं. भारतीय सैनिकांसाठी त्याचं रुग्णालय केलं आणि नाव ठेवलं 'लॉयल्टी'. युद्धानंतर हेच जहाज मुंबईच्या सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीकडे आलं आणि ५ एप्रिल १९१९ रोजी मुंबईहून लंडनला निघालं. आपण दरवर्षी त्या तारखेला राष्ट्रीय सागरी दिन पाळतो, तो या सफरीच्या आठवणीसाठी. म्हणजे पैसा होता, दानत होती, पांढरी जहाजंही होती.

आणि तरीही १९१५च्या नोव्हेंबरात मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, काय झालं ते पाहा.

बगदादच्या दिशेने गेलेल्या फौजेचा कणा होती सहावी पुणे डिव्हिजन. तिच्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. आमच्या बेळगावात मराठा लाइट इन्फन्ट्रीचं केंद्र आहे, त्यामुळे या पलटणींची नावं आम्हाला परकी नाहीत. २२ नोव्हेंबरपासून टेसिफॉनला लढाई झाली. साडेचार हजारांच्या आसपास माणसं मेली किंवा जखमी झाली. जखमी किती होतील याचा जो अंदाज आधी बांधला होता, तो फार तोकडा होता. रुग्णालय-जहाज बसऱ्याला उभं होतं. लढाईचं मैदान तिथून टायग्रिस नदीने शेकडो किलोमीटर वर. मधल्या या सगळ्या नदीसाठी जखमींना आणायला सज्ज अशी एकही रुग्णालय-बोट नव्हती.

मग मैदानावरून नदीपर्यंत जखमींना खेचरांच्या गाड्यांतून आणलं. या गाड्यांना स्प्रिंग नसतात. मांडीचं हाड मोडलेला माणूस आणि खाचखळग्यांची वाट, डोळ्यांसमोर आणून पाहा. नदीवर त्यांना मालवाहू बोटींत आणि लोखंडी पडावांत भरलं. 'मेजिदिया' नावाच्या एका आगबोटीवर आणि तिला बांधलेल्या पडावांवर सुमारे सहाशे जखमी होते. कोणाला पांघरूण, कोणाला तेही नाही. वरून पाऊस, थंडी, त्यात हगवण. बसऱ्याला पोहोचायला दोन आठवड्यांच्या आसपास लागले.

बसऱ्याच्या 'वरेला' या रुग्णालय-जहाजावर मेजर कार्टर नावाचे डॉक्टर होते, इंडियन मेडिकल सर्व्हिसचे. संध्याकाळी ती बोट येताना त्यांनी पाहिली. कडेने दोर लोंबत आहेत असं त्यांना वाटलं. जवळ आल्यावर कळलं की ते दोर नव्हते, माणसांची वाळलेली विष्ठा होती. ज्यांना उठता येत नव्हतं ते जिथे होते तिथेच पडून होते. एकाच्या मोडक्या पायाला व्हिस्कीच्या खोक्याच्या फळ्या बांधल्या होत्या. जखमा दिवसेंदिवस बदललेल्या नव्हत्या. हे वर्णन माझं नाही. कार्टर यांनी चौकशी आयोगापुढे दिलेली ही साक्ष आहे.

आणि त्याच वेळी वरिष्ठांकडून तार काय गेली होती? जखमींची सोय समाधानकारक झाली, अडचणी असूनही वैद्यकीय व्यवस्थेने उत्तम काम केलं, अशा अर्थाची.

कार्टर यांनी जे पाहिलं ते लेखी कळवलं. त्यांना उठाठेवी आणि खुळचट ठरवलं गेलं, अटकेची धमकी मिळाली. ते मागे हटले नाहीत. पुढे मेसोपोटेमिया आयोग नेमला गेला, १९१७ साली त्याचा अहवाल प्रसिद्ध झाला आणि भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. दरम्यान टायग्रिसवर रुग्णालय-बोटी आल्या, व्यवस्था सुधारली. पण टेसिफॉनच्या जखमींना त्याचा उपयोग नव्हता.

माझं मत मी स्पष्ट मांडतो. त्या नदीवर दयेची कमतरता नव्हती. पडावांवरचे मोजके डॉक्टर आणि मदतनीस थकून कोसळेपर्यंत राबले असतील, त्यांना जखमींचा कळवळा नव्हता असं कोण म्हणेल? कमी पडली ती आधीची तयारी, आणि नंतरचं खरं बोलणं. आपण ख्रिस्ती लोक दयेला मनातली भावना समजतो आणि तिथेच चुकतो. शोमरोनी माणसाची गोष्ट पुन्हा वाचा. त्याला कळवळा आला हे तर खरंच. पण त्याच्याकडे तेल होतं, द्राक्षारस होता, जनावर होतं, उतारशाळेची वाट ठाऊक होती आणि खिशात दोन दीनार होते. यांतलं काहीच नसतं तर तो त्या जखमी माणसाशेजारी बसून रडला असता, एवढंच. याजक आणि लेवी चालते झाले, त्यांना आपण नेहमी नावं ठेवतो. पण रिकाम्या हातांनी थांबणाऱ्याबद्दल आपण कधी बोलत नाही, कारण तो बहुतेक वेळा आपणच असतो.

दुसरी गोष्ट खरेपणाची. पांढऱ्या रंगाचं सगळं बळ विश्वासात असतं. तो एकदा फसवा निघाला की उद्या खरं जहाजही बुडतं. १९१७च्या सुरुवातीला जर्मनीने आरोप केला की ब्रिटिश या जहाजांतून सैनिक आणि दारूगोळा नेतात, आणि ठराविक समुद्रात ती बुडवू असं जाहीर केलं. १७ एप्रिल १९१७ रोजी इंग्लिश खाडीत 'लॅनफ्रँक' हे रुग्णालय-जहाज जर्मन पाणबुडीने बुडवलं. त्यावर ब्रिटिश जखमींबरोबर जखमी जर्मन कैदीही होते, आणि त्यांतलेही काही बुडून मेले. शत्रूवर मारलेला पाणतीर आपल्याच भावाला लागला. त्यानंतर तोडगा निघाला तो असा: तटस्थ स्पेनचे नौदल अधिकारी या जहाजांवर बसून प्रवास करू लागले, आत फक्त जखमीच आहेत याची ग्वाही देण्यासाठी. एका साक्षीदाराच्या उपस्थितीने जे साधलं, ते रंगाने साधलं नव्हतं.

उलट उदाहरणही आहे. ऑगस्ट १९४५मध्ये 'ताचिबाना मारू' या जपानी रुग्णालय-जहाजाची अमेरिकन नौदलाने झडती घेतली, तेव्हा आत रुग्णांच्या वेशात दीड हजारांहून अधिक सैनिक आणि शस्त्रं सापडली. बाहेर क्रूस, आत बंदुका. हे वाचताना मला जपान्यांचा राग आला. मग वाटलं, आपल्याही बाहेर क्रूस असतोच की. आत काय असतं?

काही जण म्हणतील, युद्धच चूक असताना या जहाजांचं कौतुक कशाला? आधी माणसं फोडायची, मग टाके घालायचे, आणि बरी झाली की पुन्हा लढायला पाठवायची! या आक्षेपात तथ्य आहे, मी तो झटकून टाकत नाही. पोप पंधरावे बेनेडिक्ट यांनी १९१७च्या ऑगस्टमध्ये सगळ्या लढणाऱ्या राष्ट्रांना शांततेचं आवाहन केलं होतं आणि ते कोणी ऐकलं नाही. ख्रिस्तसभेचं पहिलं म्हणणं तेच असायला हवं. पण युद्ध थांबेपर्यंत त्या बोटीवरच्या माणसाने काय करायचं? त्याला तहान आत्ता लागली आहे. मला तर वाटतं, शत्रूच्या जखमीलाही खाट द्यायची असं ज्या दिवशी राष्ट्रांनी कागदावर मान्य केलं, त्या दिवशी त्यांनी नकळत एक पापनिवेदनच केलं. आपण ज्याला मारतो आहोत तो माणूस आहे, हे त्यांनी कबूल केलं.

आता पुन्हा चर्चकडे येतो.

मागच्या वार्षिक अहवालात रुग्णसेवेचा परिच्छेद मीच लिहिला होता. "रुग्णसेवेचे कार्य समाधानकारक" असं वाक्य त्यात आहे. ते लिहिताना मला ठाऊक होतं की अंथरुणाला खिळलेल्यांची यादी कित्येक महिने कोणी तपासलेली नाही आणि त्यातल्या दोन घरी तर आम्ही पाऊलही टाकलेलं नाही. बसऱ्याहून गेलेली ती तार वाचली आणि माझंच वाक्य समोर आलं. मी ते आता दुरुस्त करून समितीपुढे ठेवलं आहे.

आणि थोडं काम केलं आहे. स्टोअररूमची किल्ली आता सॅक्रिस्टीच्या दाराशेजारी खिळ्यावर असते. व्हीलचेअर मुख्य दाराच्या आत उभी आहे, तिच्या चाकांत हवा भरली आहे. प्रत्येक मिस्साला कोणाची गाडी तयार असेल, त्या दोन जणांची नावं फळ्यावर लिहिली जातात. यात भक्तिभाव वाटावा असं काही नाही, मला मान्य आहे. तेलाच्या बाटलीतही नव्हता.

तुमच्या पॅरिशमध्ये व्हीलचेअर कुठे आहे? किल्ली कोणाकडे आहे? अंथरुणावर असलेल्यांची यादी शेवटची कोणी पाहिली? येत्या रविवारी मिस्सानंतर घरी जाण्याआधी एवढे तीन प्रश्न विचारा. उत्तर अवघड निघालं तर ते लपवू नका.

प्रभू येशू, तू जखमी माणसाजवळ थांबणाऱ्याची गोष्ट सांगितलीस. आम्हाला थांबण्याचं मन दे, आणि थांबण्याआधीच भरून ठेवलेली तेलाची बाटली दे. आमच्यावर तुझ्या क्रूसाची खूण आहे, ती खोटी ठरू देऊ नकोस. आमेन.