किल्ल्या कोणाच्या हाती?

विरार लोकलने मुंबईस जाणारे वसई-विरारचे अनेक तरुण ज्या संगणकप्रणालींवर पोट भरतात, त्यांतील कित्येक ओपन सोर्स सॉफ्टवेअरवर उभ्या आहेत. आणि ते पुष्कळदा कोणी एखादा स्वयंसेवक फावल्या वेळात विनामूल्य सांभाळीत असतो. मार्च २०२४ मध्ये 'एक्सझेड' प्रकल्पात जे उघडकीस आले, ते म्हणूनच विचार करण्याजोगे आहे. एकट्याने राबून थकलेल्या लासे कॉलिन यांच्यामागे तगादा लागला (तगादा लावणारी नावेही बहुधा बनावटच!), मदत करणाऱ्या एका अज्ञात साहाय्यकास त्यांनी अधिकार दिले, आणि त्याने चोरदरवाजा बसविला. लॉगिनला अर्धा सेकंद अधिक का लागतो, हे आंद्रेस फ्रॉइंड यांनी खोदून पाहिले म्हणून निभावले.

दोष थकलेल्या माणसाचा, हे म्हणणे आम्हांस मान्य नाही. परंतु अशा कामास लेखी शिस्त हवी. दोघांच्या संमतीवाचून किल्ल्या नव्या हाती जाऊ नयेत. सांभाळणारा एकटाच असेल, तर त्याने तसे उघड सांगावे. आणि नकार देण्याचा व विश्रांतीचा त्याचा हक्क आरंभीच लिहिलेला असावा. या सॉफ्टवेअरवर नफा मिळविणाऱ्या कंपन्यांनीही आपल्या नोकरांस ही देखभाल कचेरीच्या वेळात, पगारी करू द्यावी, अशी आमची मागणी आहे.